मिसोचे सार : एका वाटीतील इतिहास

जपानमध्ये घरोघरी होणाऱ्या मिसोच्या साराकडे आपण केवळ पाककृती म्हणून पाहू नये. सोयाबीन, मीठ व कोजी नावाची बुरशी यांच्या आंबवणातून मिसो सिद्ध होतो. कोंबू हे समुद्रशैवाल आणि वाळविलेला बोनिटो मासा यांच्या अर्कात तिसऱ्यांसारख्या शिंपल्या शिजवितात. विस्तव मंद करून मिसो विरघळवितात. त्यानंतर उकळी येऊ देत नाहीत.

या वाटीत मासळी का, याचे एक कारण इतिहासात आहे. इ. स. ६७५ मध्ये बौद्धधर्माश्रयी सम्राट तेम्मू याने गाय-बैल, घोडा, कुत्रा, माकड व कोंबडी यांचे मांस वर्षातील काही महिने निषिद्ध ठरविले. मासळी त्यात नव्हती. झेन विहारांत मात्र तीही वर्ज्य. तेथे कोंबू आणि शिताके अळंबी यांचाच अर्क काढीत. भिक्खू दोगेन यांनी १२३७ मध्ये ‘तेन्झो क्योकुन’ लिहून विहारातील स्वयंपाक्याच्या श्रमाला साधनेची प्रतिष्ठा दिली.

परंतु याच समाजाने मेलेली जनावरे ओढणाऱ्या व कातडी कमावणाऱ्या माणसांना विटाळाच्या कल्पनेपायी गावाबाहेर ठेवले. १८७१ च्या राजाज्ञेने तो भेद कायद्यातून गेला, व्यवहारातून नाही. म्हणून त्यांना १९२२ मध्ये ‘सुइहेइशा’ ही संघटना उभारावी लागली. प्राण्यांविषयीची करुणा माणसापाशी येऊन अडली, तर तिला धम्म म्हणता येत नाही, हेच या इतिहासातून आम्हांस दिसते.