ॲस्कस आणि बेसिडियम : दोन पेशींची कैफियत

वनस्पतिशास्त्राच्या दफ्तरात ज्या संज्ञांची नोंद एका अर्थाने झाली आणि वहिवाट मात्र पुढे भलत्याच अर्थाने चालू राहिली, अशा संज्ञांत कवकांच्या बीजाणू निर्माण करणाऱ्या दोन पेशींची नावे, म्हणजे ॲस्कस आणि बेसिडियम, फार वरच्या जागी घालावी लागतील. अळंबी, बुरशी, किण्व, द्राक्षावरची भुरी, गव्हावरचा तांबेरा ही सारी कवकांचीच प्रजा; तिला फूल नाही, बी नाही, आणि तिचा वंश चालतो तो धुळीहूनही सूक्ष्म अशा बीजाणूंवर. हे बीजाणू ज्या पेशीच्या पोटात तयार होतात ती ॲस्कस, आणि ज्या पेशीच्या माथ्यावर बारीक देठांच्या टोकांशी बाहेर धरतात ती बेसिडियम, एवढी व्याख्या पाठ करून विद्यार्थी परीक्षेच्या मांडवाखालून निघून जातो. परंतु ही साधी दिसणारी व्याख्या स्थिर होण्यास जवळजवळ दोन शतके लागली, आणि ती स्थिर झाली तेव्हा पोट आणि माथा हे दोन्ही शब्द तीत गौण ठरले होते, ही गोष्ट पाठ्यपुस्तके बहुधा सांगत नाहीत.

मेघगर्जनेने अथवा कुजकट ओलीने भूछत्रे आपोआप जन्मतात, ही समजूत ग्रीक-रोमन काळापासून युरोपात चालत आली होती. तिला पहिला सबळ धक्का दिला तो फ्लॉरेन्स येथील वनस्पति-उद्यानाच्या सेवेत असलेल्या पिएर अँतोनियो मिकेली या गृहस्थाने. १७२९ साली त्याने प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात सुमारे १९०० वनस्पतींची वर्णने असून त्यांतील जवळजवळ निम्मा भाग कवके आणि दगडफुले यांनी व्यापलेला आहे. खरबूज, नासपती अशा फळांच्या ताज्या फोडींवर त्याने बुरशीचे बीजाणू पेरले, आणि ज्या जातीचे पेरले त्याच जातीची बुरशी उगवते असे दाखवून दिले. चर्चमध्ये पवित्र जल शिंपडण्याच्या साधनासारखा एका बुरशीचा माथा दिसला म्हणून तिला त्याने दिलेले ॲस्परजिलस हे नाव आजही रुजू आहे. परंतु आपल्या प्रस्तुत विषयाशी त्याचा जो खरा संबंध येतो तो वेगळाच : एका शाईछत्रीच्या कल्ल्यांवर, म्हणजे टोपीखालच्या पातळ पात्यांवर, बीजाणू चार-चारांच्या गटाने बसलेले असतात, हे या माणसाने त्या काळच्या भिंगातून पाहिले आणि नोंदून ठेवले. पुढे डेन्मार्कच्या वनस्पतींच्या सचित्र ग्रंथमालेत ओटो फ्रीडरिख म्यूलर यानेही १७८० मध्ये असलेच चित्र छापले. म्हणजे दाखला दोनदा दाखल झालेला होता. तो वाचणारा मात्र कोणी निघाला नाही.

दरम्यान दुसऱ्या पेशीचे भाग्य उजळले. शेवाळ-अभ्यासाचा आद्य आचार्य योहान हेडविग याने अठराव्या शतकाच्या अखेरीस कपासारख्या कवकांतील बीजाणूंच्या लांबट पिशव्यांचे वर्णन केले, आणि त्यांना पेटी अथवा म्यान या अर्थाचे थेका हे नाव दिले. क्रिस्तियान पर्सून याने १८०१ च्या आपल्या संकलनात तेच उचलले. ॲस्कस हे नाव नीस फॉन एझेनबेक याने १८१६-१७ च्या सुमारास प्रचारात आणले. ग्रीक भाषेत हा शब्द द्राक्षासवाच्या कातडी पिशवीचा, म्हणजे आपल्या बुधल्याच्या जातीच्या पात्राचा. नाव समर्पक होते, याबद्दल तकरार नाही. पेझिझा या कपासारख्या कवकाच्या एखाद्या मांसल पेल्याचा पातळ काप पाण्याच्या थेंबात ठेवून सूक्ष्मदर्शकाखाली धरला, की नळकांड्यांची एक दाट रांग उभी दिसते. त्यांच्यामधून वांझ तंतू डोकावतात, आणि प्रत्येक नळकांड्यात आठ लंबगोल बीजाणू एकाखाली एक असे बसलेले असतात. पेशीतील रसाचा दाब वाढत जातो, टोकाचे झाकण उघडते, आणि आठही बीजाणू एका झटक्यात बाहेर फेकले जातात. मोठा पेला हातात धरून त्यावर हलकी फुंकर मारली, तर हजारो ॲस्कस एकदम सुटून पांढुरक्या धुराचा लोट उठतो, आणि कान जवळ नेला तर बारीक सूं असा आवाजही ऐकू येतो.

असे डोळ्यांना आणि कानांना एकाच वेळी पटणारे सत्य हाती लागले, म्हणजे मनुष्य ते सर्वत्र शोधू लागतो. १८०९ मध्ये हाइनरिख लिंक याने असे प्रतिपादन केले की छत्रीच्या आकाराच्या अळंब्यांतही बीजाणू पिशव्यांतच असतात. लिंकच्या विद्वत्तेबद्दल शंका घेण्याचे कारण नव्हते, आणि कवकांच्या वर्गीकरणाचा सर्वमान्य अधिपती एलियास फ्रीस स्वतः सूक्ष्मदर्शकाचा फारसा भक्त नसल्यामुळे, त्याच्याही ग्रंथांत हीच समजूत मुकाट्याने नांदू लागली. जवळजवळ तीस वर्षे पंडितांनी अळंबीच्या कल्ल्यांत, तेथे नसलेल्या पिशव्या पाहिल्या. काहींनी त्यांची चित्रेही काढली. या भ्रमाला निमित्तही होते. कल्ला वरून पाहिला, तर पेशीच्या माथ्यावरील चार बीजाणू तिच्या कडेच्या आत आल्यासारखे दिसतात. आणि काप पाण्यात पडताच बीजाणू देठावरून गळतात, तेव्हा ते कोठे बसले होते याचा पुरावाच वाहून जातो. तरीही माझे मत असे की दोष भिंगाचा थोडा आणि नावाचा अधिक होता. पिशवी हे नाव एकदा तोंडात बसल्यावर पिशवी दिसणे ओघानेच आले.

निवाडा झाला तो १८३६ ते १८३८ या तीन वर्षांत, आणि तोही एकाच न्यायासनापुढे नव्हे. जर्मनीत, बोहेमियात, फ्रान्समध्ये आणि इंग्लंडात निरनिराळ्या लोकांनी एकमेकांची फारशी वाट न पाहता तेच पाहिले : कल्ल्याच्या पृष्ठावर फुगीर, गदेच्या घाटाच्या पेशी उभ्या असतात, त्यांच्या माथ्यावर बहुधा चार टोकदार देठ फुटतात, आणि प्रत्येक देठावर एक बीजाणू उघड्यावर धरतो. पॅरिसचा वैद्य जोझेफ-आंरी लेव्हेये याने १८३७ मध्ये या पेशीला लहानसे पीठ किंवा बैठक या अर्थाचे बेसिडियम हे नाव दिले. इंग्लंडातील धर्मोपदेशक माइल्स बर्कली याने पुढच्याच वर्षी स्वतंत्रपणे तेच सिद्ध केले. मराठी परिभाषाकारांनी बैठकीऐवजी घाटाकडे पाहून तिला गदाकोशिका आणि तिच्या कुळाला गदाकवक म्हटले, व ॲस्कसच्या कुळाला धानीकवक. ही दोन्ही नावे मूळ नावांपेक्षा उणी आहेत असे म्हणवत नाही.

गदाकोशिकेचे हे काम ज्याला डोळ्यांनी पाहावयाचे आहे त्याने कोकणात किंवा गोव्यात पहिल्या पावसाच्या जोरानंतर वारुळावर उगवणारी अळंबी आणावी. तिची टोपी देठापासून कापून, कल्ले खाली करून, गडद कागदावर ठेवावी आणि वर भांडे पालथे घालावे. सकाळी कागदावर कल्ल्यांच्या रेघांची फिकट गुलाबी नक्षी उमटलेली असते. ती रंगाची नव्हे, असंख्य बीजाणूंची असते. गदाकोशिकेवरचा बीजाणू सुटण्यापूर्वी त्याच्या बुडाशी पाण्याचा एक सूक्ष्म थेंब जमतो, तो थेंब बीजाणूच्या अंगावरील पाण्याच्या पापुद्र्यात मिसळताच बीजाणू उडतो, आणि समोरच्या कल्ल्याला चिकटण्याइतका दूर न जाता दोन कल्ल्यांच्या मधल्या पोकळीतून सरळ खाली पडतो. कॅनडातील विनिपेगचे प्राध्यापक आर्थर बुलर यांनी या एका हालचालीच्या निरीक्षणात आयुष्याची कितीतरी वर्षे घातली, आणि तो थेंब आज त्यांच्याच नावाने ओळखला जातो.

येथवर दोन्ही संज्ञा घाटावरच उभ्या होत्या. बीजाणू आत की बाहेर, एवढाच प्रश्न होता. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ऑस्कर ब्रेफेल्ड याने या घाटावरूनच एक भव्य इमारत उठवली. ओल्या भाकरीवर येणाऱ्या म्यूकर बुरशीच्या बीजाणुधानीत बीजाणूंची संख्या ठरलेली नसते. तीच बीजाणुधानी शिस्तीत आली, संख्येत बांधली गेली, की तिचा ॲस्कस होतो, आणि तसेच उघड्यावर बीजाणू धरणाऱ्या साध्या तंतूचे बेसिडियम होते, असे त्याचे म्हणणे. या उच्च कवकांत स्त्री-पुरुष असा काही व्यवहारच उरलेला नाही, हा त्या म्हणण्यातील खरा मुद्दा होता. ब्रेफेल्ड हा शुद्ध संवर्धनाच्या तंत्राचा मोठा कारागीर असल्यामुळे त्याच्या शब्दाला वजन होते. पण बुरशी वाढविण्यातील हातोटी ही पेशीकेंद्र पाहण्यातील हातोटी नव्हे.

ते केंद्र पाहिले फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञ पिएर ऑग्युस्तँ दांजार याने, १८९४ च्या सुमारास. कोवळ्या ॲस्कसमध्ये प्रथम दोन केंद्रे असतात, ती एकमेकांत विलीन होऊन एक होते, आणि मगच बीजाणूंची तयारी सुरू होते, असे त्याने दाखविले. बेसिडियममध्येही हाच प्रकार घडतो हेही उघड झाले. या विलीनीकरणाच्या पाठोपाठ अर्धसूत्री विभाजन होते, ज्यात गुणसूत्रांची संख्या निम्म्यावर येते. बेसिडियममध्ये केंद्र दोनदा विभागते म्हणून चार बीजाणू. ॲस्कसमध्ये बहुधा आणखी एक साधे विभाजन होते म्हणून आठ. बाजारातील बटण अळंबीच्या गदाकोशिकेवर बहुधा दोनच बीजाणू असतात आणि प्रत्येकात दोन केंद्रे जातात. तिच्या शास्त्रीय नावातील ‘बायस्पोरस’ हे विशेषण त्याचेच आहे. व्याख्येचे मूळ खाते येथे फुटले. ज्या पेशीत केंद्रांचे मीलन आणि लगेच अर्धसूत्री विभाजन घडते ती ही पेशी, असे नवे लक्षण कायम झाले, आणि पिशवी, पीठ, गदा ही केवळ वर्णने राहिली. गव्हाच्या तांबेऱ्याचे काळे बीजाणू रुजताना जो आखूड, चार कप्प्यांचा तंतू बाहेर पडतो त्याला पूर्वी वेगळेच नाव होते, कारण त्याचा गदेशी काडीचाही सारखेपणा नाही. नव्या लक्षणाने तोही बेसिडियमच ठरला.

नवे लक्षण मात्र तंट्याशिवाय बसले नाही. अमेरिकेचा रॉबर्ट हार्पर याने भुरीच्या कवकांत ॲस्कसच्याही आधी, जननेंद्रियांतच, केंद्रांचे एक मीलन होते असे सांगितले. तसे असेल तर ॲस्कसमधले मीलन हे दुसरे, आणि मग गुणसूत्रेही दोनदा निम्मी व्हावी लागतील. या दुहेरी घटीचा पक्ष लंडनच्या हेलन ग्विन-व्हॉन यांनी दीर्घकाळ लावून धरला. पहिल्या महायुद्धात फ्रान्समधील ब्रिटिश महिला सैन्यदलाची मुखत्यारी सांभाळणाऱ्या या बाई शास्त्रीय वादातही सहजासहजी मागे हटणाऱ्या नव्हत्या. परंतु १९१२ मध्ये पेटर क्लाउसेन याने पायरोनेमा या कवकात दाखविले की आधी केंद्रे केवळ जोडीने चालतात, विलीन होत नाहीत. विलीनीकरण ॲस्कसमध्येच, आणि एकदाच.

पुढे बेसिडियमच्या प्रत्येक अवस्थेला पूर्व, उत्तर, अर्ध अशी उपसर्गांची झालर लावून विद्वानांनी जी नावे वाढविली, ती अभ्यासकाच्या माथी मारलेला निष्कारण बोजा होय असे मला वाटते, आणि त्यांची यादी देण्याचे श्रम मी घेत नाही.

व्यवहारात या व्याख्येचा अधिक परिणाम झाला तो निराळ्याच दिशेने. ज्या बुरशीचा ॲस्कस किंवा बेसिडियम सापडत नसे तिला वर्गीकरणात कुळाचा हक्कच मिळत नसे. अशी हजारो कवके ‘अपूर्ण कवके’ या खात्यात घालण्यात आली, आणि एखादीचा ॲस्कस पुढे सापडलाच तर त्या अवस्थेला दुसरे नाव देऊन एकाच जीवाची दोन खाती चालू ठेवण्याची मुभा नियमांनी दिली होती. आंतोन द बारी याने १८५४ मध्येच ॲस्परजिलसची एक जाती आणि यूरोशियम ही एकाच कवकाची दोन रूपे असल्याचे दाखविले होते. तरी दोन नावांची वहिवाट चालूच राहिली, ती २०११ च्या मेलबर्न येथील नामकरण-संहितेने बंद केली. पिंपरीच्या हिंदुस्थान अँटिबायोटिक्समध्ये १९५० च्या दशकापासून ज्या कुळातील बुरशीपासून पेनिसिलिन काढले गेले, ते पेनिसिलियमही अपूर्णांच्या यादीत दीर्घकाळ होते.

सर्वांत हट्टी निघाले ते फुप्फुसांचा रोग करणारे ॲस्परजिलस फ्युमिगेटस. त्याची जनुके लैंगिक जीवनाची साक्ष देत होती, पण ॲस्कस कोणाच्याही नजरेस येत नव्हता. डब्लिनच्या हवेतून मिळविलेले, परस्परांना अनुरूप असे दोन प्रकारचे वाण ओटच्या पिठाच्या आगरवर समोरासमोर लावून, बशा हवाबंद करून, अंधारात ३० अंश उष्णतेवर सहा महिने तशाच ठेवण्यात आल्या. सहा महिन्यांनी दोन वाढींच्या संधिरेषेवर बारीक पिवळसर गोळ्या धरलेल्या दिसल्या. त्या फोडल्यावर आत ॲस्कस होते, आणि प्रत्येकात आठ बीजाणू. हे निरीक्षण २००९ मध्ये प्रसिद्ध झाले.