जनुक ही नवी जात होऊ द्यायची नाही

जनुकीय अभियांत्रिकीचा विषय निघाला की चर्चा ठरलेल्या वळणावर जाते. माणसाने देवाच्या कामात हात घालावा का, हा पहिला प्रश्न. जगातले मोठे धर्म या प्रश्नाची उत्तरे आपापल्या परीने देत आले आहेत. रोमन कॅथलिक चर्चने २००८ साली भूमिका घेतली की रुग्णाच्या शरीरापुरता जनुकोपचार तत्त्वतः मान्य आहे, पण पुढच्या पिढ्यांत उतरणारा बदल आजच्या स्थितीत मान्य नाही. आपल्या देशात मात्र वेगळाच सूर लागतो. हे सगळे आमच्याकडे आधीच होते, असे सांगितले जाते. २०१४ साली मुंबईत एका रुग्णालयाच्या कार्यक्रमात देशाच्या पंतप्रधानांनी कर्णाच्या जन्मकथेत जनुकशास्त्राचा पुरावा पाहिला. कर्णाच्या गोष्टीत जनुकशास्त्र शोधणाऱ्यांना एक गोष्ट दिसत नाही. सूतपुत्र म्हणून भर सभेत त्याचा अपमान झाला, ती गोष्ट. कर्णाची खरी व्यथा जन्मावरून माणूस मोजला जाण्याची आहे.

आम्ही बौद्ध आहोत. सृष्टी निर्माण करणारा ईश्वर आम्ही मानत नाही. त्यामुळे देवाच्या कामात ढवळाढवळ हा आमचा प्रश्नच नाही. पण म्हणून विज्ञानाच्या नावाने जे येईल ते डोळे मिटून स्वीकारावे असेही नाही. आमचा प्रश्न साधा आहे : हे ज्ञान माणसाचे दुःख कमी करते, की जन्मावरून माणसाची किंमत ठरवण्याची जुनी रीत नव्या भाषेत परत आणते? हा प्रश्न आम्ही हवेतून काढलेला नाही. त्यामागे इतिहास आहे, आणि त्या इतिहासात आमचा समाजही आहे.

सुरुवात तथागतांपासून करू. मज्झिम निकाय आणि सुत्तनिपात या दोन्ही ठिकाणी वासेट्ठ सुत्त येते. इच्छानंगल गावी वासेट्ठ आणि भारद्वाज या दोन ब्राह्मण तरुणांत वाद होतो की माणूस ब्राह्मण कशाने ठरतो, जन्माने की कर्माने. दोघे बुद्धांकडे जातात. बुद्धांचे उत्तर पाहण्यासारखे आहे. ते उपदेशाने सुरुवात करत नाहीत, निरीक्षणाने करतात. गवत आणि झाडे, किडे, चार पायांचे प्राणी, साप, मासे, पक्षी यांच्यात जन्मजात खुणा वेगवेगळ्या असतात. त्यावरून त्यांच्या जाती वेगळ्या ओळखता येतात. मग ते माणसाकडे वळतात. केस, डोके, कान, डोळे, ओठ, हातपाय, कुठेही अशी खूण सापडत नाही. माणसामाणसांतला फरक केवळ व्यवहारातल्या नावापुरता आहे. शेती करणारा शेतकरी, व्यापार करणारा व्यापारी. जातीचा दावा तपासायला अडीच हजार वर्षांपूर्वी कोणी वनस्पती आणि प्राण्यांचा दाखला घेतला असेल तर तो बुद्धांनी.

आता थेट एकोणिसाव्या शतकात येऊ. १८८३ साली इंग्लंडमध्ये फ्रान्सिस गाल्टन याने सुजननशास्त्राला नाव दिले. चांगल्या वंशाच्या लोकांनी जास्त मुले जन्माला घालावीत आणि हलक्या वंशाच्यांनी कमी, हा त्याचा गाभा. विचार करणारे लोक अडाणी नव्हते. विद्यापीठांतले प्राध्यापक होते, डॉक्टर होते, न्यायाधीश होते. अमेरिकेत इंडियाना राज्याने १९०७ साली सक्तीच्या नसबंदीचा कायदा केला. १९२७ साली तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने असे कायदे वैध ठरवले. त्या देशात साठ हजारांहून अधिक माणसांची नसबंदी झाली. जर्मनीत नाझींनी जुलै १९३३ मध्ये असाच कायदा केला आणि सुमारे चार लाख माणसांची नसबंदी केली. तो रस्ता पुढे कुठे गेला ते सगळ्यांना माहीत आहे.

भारतात या शास्त्राचा उपयोग कशासाठी झाला? जातीच्या समर्थनासाठी. धर्मशास्त्राचा आधार डळमळू लागला तसे नवे वकील उभे राहिले. रोटी-बेटीची बंधने ही आमच्या पूर्वजांनी रक्तशुद्धीसाठी केलेली वैज्ञानिक व्यवस्था आहे, असे ते सांगू लागले. १९३६ साली लाहोरच्या जातपात तोडक मंडळासाठी लिहिलेल्या, पण होऊ न दिलेल्या भाषणात बाबासाहेबांनी या युक्तिवादाची चिरफाड केली. त्यांनी आनुवंशिकतेच्या शास्त्राचे त्या काळचे ग्रंथ वाचले होते, बेटसनसारख्या शास्त्रज्ञाचा आधार घेतला होता. त्यांचे मुद्दे थोडक्यात असे : पंजाबचा ब्राह्मण आणि पंजाबचा चांभार वंशाने एकच आहेत. मद्रासचा ब्राह्मण आणि मद्रासचा परिया हेही एकच. मग जात म्हणजे वंश कसा? वंशशुद्धीच हवी असेल तर एकाच जातीच्या पोटजातींत लग्न का चालत नाही? आणि एकत्र जेवल्याने रक्त कसे बिघडते? शेवटी त्यांनी परिणामावर बोट ठेवले. एवढी शतके ही व्यवस्था राबवून शरीराने कसली माणसे तयार झाली, ते पाहा म्हणाले.

पुढे १९४८ साली अस्पृश्यांच्या मूळ इतिहासावरच्या ग्रंथात त्यांनी आणखी एक काम केले. रिस्ली या इंग्रज अधिकाऱ्याने नाकाची मापे घेऊन हिंदुस्थानातल्या जातींची उतरंड लावली होती. बाबासाहेबांनी अशीच मापे हातात घेतली आणि दाखवले की ती मापेच ब्राह्मण आणि अस्पृश्य यांना वेगळ्या वंशाचे ठरू देत नाहीत. विज्ञानाला शिव्या देऊन त्यांनी वाद जिंकला नाही. विज्ञान नीट वाचून जिंकला. आजच्या तरुणांनी ही पद्धत उचलायची आहे.

यात एक सावधगिरीही लागते. २०१३ आणि २०१६ साली भारतीयांच्या डीएनएवर महत्त्वाचे अभ्यास प्रसिद्ध झाले. त्यांचा सारांश असा की या भूमीवरचे लोक एके काळी एकमेकांत मोठ्या प्रमाणावर मिसळत होते आणि नंतर जातीअंतर्गत विवाहाने ते मिसळणे थांबले. २०१६ च्या अभ्यासाने उच्चवर्णीय गटांत हे थांबणे सुमारे सत्तर पिढ्यांपूर्वी, म्हणजे गुप्तकाळाच्या आसपास ठेवले. आमच्यातले अनेक जण हे वाचून आनंदतात, आणि आनंद होणे स्वाभाविक आहे. जातीचा गाभा म्हणजे जातीअंतर्गत विवाह, हे बाबासाहेबांनी १९१६ सालीच कोलंबिया विद्यापीठात मांडले होते. पण आमची समता या अभ्यासांवर टांगलेली नाही. उद्या कोणी दोन गटांत चार जनुकांचा फरक दाखवला तर आम्ही माणूस म्हणून कमी ठरत नाही. समतेचा हक्क प्रयोगशाळेने दिला नाही, म्हणून ती तो काढूनही घेऊ शकत नाही.

आता आमच्या घरातल्या आजाराकडे येऊ. सिकलसेल. विदर्भात काम करणाऱ्या कार्यकर्त्याला हा शब्द समजावून सांगावा लागत नाही. एएस म्हणजे वाहक आणि एसएस म्हणजे रुग्ण, हे वस्तीतल्या आयाबहिणींनाही ठाऊक असते. रक्तातल्या हिमोग्लोबिनच्या जनुकात एकच छोटा बदल असतो. आई आणि वडील दोघांकडून तो आला तर लाल पेशी कोयत्यासारख्या वाकतात, रक्तवाहिन्यांत अडकतात, असह्य वेदना होतात. एकाकडूनच आला तर माणूस वाहक असतो आणि सहसा निरोगी आयुष्य जगतो. दोन वाहकांचे लग्न झाले तर प्रत्येक बाळंतपणात मूल रुग्ण असण्याची शक्यता चारात एक असते.

हा बदल टिकला तो मलेरियामुळे. वाहकाला तीव्र मलेरियापासून संरक्षण मिळते, हे १९५४ साली अॅलिसन यांनी दाखवले. म्हणून तो आफ्रिकेत आहे, अरबस्तानात आहे, ग्रीसमध्ये आहे आणि आमच्या जंगलपट्ट्यातही आहे. भारतात १९५२ साली तो निलगिरीच्या आदिवासींत आढळला, पुढच्या काही वर्षांत मध्य भारतातल्या नोंदी झाल्या. विदर्भात तो आदिवासींप्रमाणेच पूर्वाश्रमीच्या महार, आजच्या बौद्ध समाजात लक्षणीय आहे, आणि इतर जातींतही सापडतो. हे हलक्या रक्ताचे लक्षण नाही. मलेरियाच्या मुलखात जगून राहिलेल्या पूर्वजांची ती खूण आहे.

या आजाराचे पुढे काय होऊ शकते हे समजण्यासाठी अमेरिकेकडे पाहावे लागते, कारण तिथे तो मुख्यतः कृष्णवर्णीयांचा आजार मानला गेला. १९४९ साली लायनस पॉलिंग आणि सहकाऱ्यांनी दाखवले की सिकलसेल हा रेणूच्या पातळीवरचा आजार आहे. विज्ञानातली ती मोठी झेप होती. पण याच पॉलिंग यांनी १९६८ साली सुचवले की अशा जनुकाच्या वाहक तरुणांच्या कपाळावर खूण गोंदवावी, म्हणजे दोन वाहक एकमेकांना पाहताच ओळखतील आणि प्रेमात पडणार नाहीत. दोनदा नोबेल मिळालेला, शांततेसाठी लढलेला हा शास्त्रज्ञ. हेतू वाईट नव्हता. पण कपाळावरची जन्माची खूण म्हणजे काय असते, हे आम्हांला कोणी शिकवायची गरज नाही. गळ्यात मडके आणि कमरेला झाडू बांधलेल्यांचे आम्ही वंशज आहोत.

१९७० नंतर तिथल्या काही राज्यांनी कृष्णवर्णीयांच्या सक्तीच्या तपासणीचे कायदे केले. वाहक आणि रुग्ण यांतला फरकही नीट सांगितला गेला नाही. निरोगी वाहकांना नोकऱ्या नाकारल्या गेल्या, विमा महाग झाला. अमेरिकी हवाई दलाच्या प्रबोधिनीने १९८१ पर्यंत वाहकांना प्रवेश दिला नाही. याच काळात ब्लॅक पँथर पक्षाने स्वतःची मोफत तपासणी केंद्रे उभारली. त्यांनी विज्ञान नाकारले नाही. ते आपल्या लोकांच्या हातात आणले. ज्यांच्यापासून १९७२ साली मुंबईत दलित पँथरने नाव घेतले, त्यांच्या या कामाची आठवण आम्ही फार कमी ठेवली आहे.

आज विज्ञान आणखी पुढे गेले आहे. जनुक कापून दुरुस्त करण्याचे क्रिस्पर तंत्र २०१२ साली समोर आले. २०२३ च्या अखेरीस ब्रिटन आणि अमेरिकेने याच तंत्रावरच्या पहिल्या उपचाराला मान्यता दिली, आणि तो सिकलसेलवरचा आहे. अमेरिकेतली किंमत २२ लाख डॉलर, म्हणजे त्या वेळच्या दराने सुमारे १८ कोटी रुपये. आपल्या देशातल्या वैज्ञानिक संस्थेनेही स्वस्त उपचारासाठी काम केले आहे आणि त्याला बिरसा मुंडांच्या नावावरून 'बिरसा १०१' असे नाव दिले आहे. नावाचा आनंद आहे. पण गडचिरोलीच्या पोरापर्यंत तो फुकट पोहोचेल तेव्हाच बिरसांचे नाव सार्थ होईल. दुसरीकडे २०१८ साली चीनच्या ह जियानक्वी याने गर्भातच जनुके बदलून जुळ्या मुली जन्माला घातल्या. पुढे त्याला तीन वर्षांची कैद झाली. एक उपचार आजारी माणसाची वेदना कमी करतो, त्याच्या संमतीने. दुसरा प्रयोग जन्माला न आलेल्यांवर होतो आणि त्यांच्या पिढ्यांत उतरतो. पहिल्यात करुणा आहे. दुसरा रस्ता पुन्हा गाल्टनच्या दारात जातो.

बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात पूर्वजन्मीच्या कर्माचा सिद्धांत नाकारला. गरीब आणि दलितांच्या दुःखाची जबाबदारी समाजाने आणि राज्याने झटकावी, याचसाठी तो सिद्धांत आहे, असे त्यांनी म्हटले. आज पूर्वकर्माच्या जागी जनुक बसू पाहत आहे. सिकलसेलच्या पोराच्या वेदना पाहून कालचा माणूस म्हणायचा, मागच्या जन्मीचे भोग आहेत. आजचा शिकलेला माणूस म्हणतो, तुमच्या जनुकातच आहे ते. वाक्य बदलले, पण रक्तपेढी, गोळ्या, वेळेवरचा दवाखाना यांचा जाब दोन्ही वेळा कुणालाच विचारला गेला नाही. आमचे भांडण इथे आहे.

म्हणून कार्यकर्त्यांपुढे काही ठोस कामे आहेत. केंद्र सरकारने जुलै २०२३ मध्ये सिकलसेल निर्मूलनाची मोहीम सुरू केली. सात कोटी लोकांची तपासणी आणि २०४७ हे लक्ष्य. तपासणीला आमचा पाठिंबा आहे, पण संमतीने, गुप्तता पाळून आणि तपासणीबरोबर उपचाराची हमी घेऊन. तपासणी मुलाचीही व्हावी. 'मुलगी एएस निघाली' म्हणून लग्न मोडते आणि मुलाचा रिपोर्ट कोणी मागत नाही, हा प्रकार आम्ही वस्त्यांत पाहतो. तो थांबवणे आमचेच काम आहे. मूल कधी, किती आणि व्हावे की नाही, हा निर्णय बाईचा. १९३८ साली बाबासाहेबांच्या स्वतंत्र मजूर पक्षाने मुंबई विधिमंडळात संततिनियमनाचा ठराव आणला, त्यामागेही बाईच्या प्रकृतीचा आणि हक्काचा विचार होता. दुसरे काम कायद्याचे. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याने सिकलसेलला दिव्यांगत्व मानले, पण सरकारी नोकरीतल्या चार टक्के आरक्षणात रक्ताचे आजार घेतले नाहीत. यासाठी लढा हवा.

आणि तिसरे काम आपल्या घरातले. धर्म बदलून सात दशके होत आली, तरी पत्रिका नसली तरी पोटजात विचारली जाते. बावणे की लाडवण, कोसरे की बारके, हे अजून सुटलेले नाही. लहान गटातच लग्ने होत राहिली तर दोन वाहक एकत्र येण्याची शक्यता वाढते. पण केवळ रोगासाठी आंतरजातीय लग्न करा, असे आम्ही म्हणणार नाही. तो सुजननशास्त्राचाच उलटा धडा होईल. बाबासाहेबांना बेटीव्यवहार हवा होता तो माणसामाणसांत आपलेपणा यावा म्हणून. निरोगी संतती हा त्यातला एक लाभ आहे, हेतू नव्हे. दोन वाहकांनी एकमेकांना निवडले तर तेही माहिती घेऊन, सल्ला घेऊन, सन्मानाने आपला निर्णय घेऊ शकतात. त्यांच्या कपाळावर खूण करण्याचा हक्क कोणालाच नाही, शास्त्रज्ञाला नाही, सरकारला नाही आणि समाजालाही नाही.

प्रज्ञा आणि करुणा यांचा मिलाफ म्हणजे बुद्धांचा धम्म, असे बाबासाहेबांनी शिकवले. प्रज्ञेशिवाय करुणा आम्हांला मांत्रिकाच्या दारात नेते. करुणेशिवाय प्रज्ञा कपाळ गोंदवायला निघते. जनुकशास्त्र शिका, प्रयोगशाळेत जा, डॉक्टर व्हा, संशोधक व्हा. आणि प्रत्येक नव्या शोधाला वासेट्ठ आणि भारद्वाजांचा तोच प्रश्न विचारा : माणूस कशाने ठरतो?

जय भीम! नमो बुद्धाय!