जागा कोणाच्या?

महाविद्यालयीन प्रवेशाचे दिवस आले की आमच्या धर्मग्रामांतून एक प्रश्न हमखास ऐकू येतो : "संस्था आपल्या, मग जागा आपल्या का नाहीत?" प्रश्नामागील व्यथा खरी आहे. मात्र त्याचे उत्तर शोधण्यापूर्वी, या जागांवरील हक्क न्यायालयांतून कसा सिद्ध झाला, याचा इतिहास आम्ही पाहावयास हवा.

स्वतंत्र भारतातील या वादाचा आरंभ मद्रास राज्यात झाला. तेथील वैद्यकीय व अभियांत्रिकी महाविद्यालयांतील प्रत्येक १४ जागांची वाटणी शासनाने जातीधर्मानुसार केली होती. त्यांतील केवळ १ जागा अँग्लो-इंडियन व भारतीय ख्रिस्ती यांच्या वाट्यास येई. घटनेच्या २९व्या अनुच्छेदाचे दुसरे कलम सांगते की, शासनाच्या अथवा शासकीय अनुदान घेणाऱ्या संस्थेत केवळ धर्म, वंश, जात वा भाषा या कारणावरून कोणाही नागरिकास प्रवेश नाकारता येणार नाही. या कलमाच्या आधारे सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल १९५१ मध्ये मद्रासची वाटणी रद्द ठरविली. त्यानंतर त्याच वर्षी पहिली घटनादुरुस्ती होऊन मागासवर्गीयांसाठी राखीव जागांचा मार्ग मोकळा झाला. आमची चौदातील एक जागा मात्र गेली ती गेलीच.

दुसरा खटला आपल्या महाराष्ट्राच्या भूमीतला. नाशिकजवळील देवळाली येथे बार्न्स हायस्कूल ही अँग्लो-इंडियन शाळा आहे. १८१५ साली स्थापन झालेली बॉम्बे एज्युकेशन सोसायटी ती चालवीत असे. ६ जानेवारी १९५४ रोजी मुंबई शासनाने आदेश काढला की, इंग्रजी माध्यमाच्या वर्गांत यापुढे अँग्लो-इंडियन व आशियाबाह्य वंशाचे नागरिक यांच्याखेरीज कोणासही प्रवेश देऊ नये. एका भारतीय ख्रिस्ती पित्याने आपल्या कन्येसाठी प्रवेश मागितला. घरची भाषा इंग्रजी असूनही तो अँग्लो-इंडियन नाही म्हणून त्याला नकार मिळाला. एका गुजराती हिंदू पित्यालाही आपल्या मुलासाठी तेच उत्तर मिळाले. मुलाने पुढे वैद्यकीय शिक्षण घ्यावे, अशी त्याची इच्छा होती.

संस्था व हे दोन्ही पालक न्यायालयात गेले. घटनेच्या ३३७व्या अनुच्छेदानुसार अँग्लो-इंडियन शाळांना मिळणाऱ्या विशेष अनुदानास एक अट होती : वार्षिक प्रवेशांपैकी किमान ४० टक्के जागा इतर समाजांना खुल्या हव्यात. शासनाचा आदेश पाळावा तर ही अट मोडत होती. राष्ट्रभाषेचा विकास हा आपला हेतू असल्याचे शासनाने सांगितले. न्यायालयाने हेतूला दोष दिला नाही. परंतु आदेशाचा प्रत्यक्ष परिणाम भाषेवरून प्रवेश नाकारण्याचा आहे, असे ठरविले. छागला मुख्य न्यायमूर्ती असलेल्या मुंबई उच्च न्यायालयाचा निकाल मे १९५४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कायम केला. एका ख्रिस्ती संस्थेने इतरांसाठी दार उघडे ठेवण्याकरिता दिलेला हा लढा होता, ही गोष्ट आम्ही विसरता कामा नये.

मद्रास व देवळाली, दोन्ही निकाल न्यायमूर्ती सुधीरंजन दास यांच्या लेखणीतून उतरले. केरळच्या शिक्षण विधेयकावर १९५८ साली मत देताना सरन्यायाधीश म्हणून त्यांनीच स्पष्ट केले की, काही परसमाजीय विद्यार्थी घेतल्याने संस्थेचे अल्पसंख्य स्वरूप नाहीसे होत नाही.

तिसरा प्रसंग तत्कालीन खेडा जिल्ह्यातील बोरसदचा. तेथील ख्रिस्ती अध्यापक प्रशिक्षण महाविद्यालयाने ८० टक्के जागा शासनाने निवडलेल्या शिक्षकांसाठी राखून ठेवाव्यात, असा आदेश १९५५ साली मुंबई शासनाने दिला. न पाळल्यास अनुदान व मान्यता जाण्याची भीती होती. १९६२ साली सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. ३०व्या अनुच्छेदाने दिलेला संस्था चालविण्याचा हक्क अनुदानाच्या बदल्यात विकत घेता येत नाही, हा त्या निकालाचा मथितार्थ.

पुढे वादाचे रूप पालटले. दिल्लीच्या सेंट स्टीफन्स महाविद्यालयात ख्रिस्ती विद्यार्थ्यांना गुणांत सवलत मिळे व मुलाखतही होई. विद्यापीठाला केवळ गुणानुक्रम हवा होता. ६ डिसेंबर १९९१ च्या निकालात न्यायालयाने महाविद्यालयाचा हक्क मान्य केला, पण अनुदानित संस्थेने स्वसमाजासाठी ५० टक्क्यांहून अधिक जागा घेऊ नयेत, अशी मर्यादा घातली. २००२ साली ११ न्यायमूर्तींच्या पीठाने हा ठरावीक आकडा सैल केला. २००५ साली इनामदार विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात विनाअनुदानित संस्थांवर शासनाचा कोटा लादता येणार नाही, असे ठरले. त्यानंतरच्या ९३व्या घटनादुरुस्तीने खाजगी संस्थांतही राखीव जागांची वाट केली, मात्र अल्पसंख्याकांच्या संस्था त्यातून वगळल्या.

म्हणजे हक्क आज आमच्या हाती आहे. त्याचा उपयोग कोणासाठी करावयाचा, हे मात्र कोणतेही न्यायालय सांगणार नाही. स्वसमाजाच्या जागा जर समाजातील सधन, शहरी, इंग्रजी बोलणाऱ्या कुटुंबांनीच भरल्या आणि नंदुरबारचा आदिवासी ख्रिस्ती मुलगा किंवा मराठवाड्यातील दलित ख्रिस्ती मुलगी दाराबाहेरच राहिली, तर बोरसदला मिळविलेल्या विजयाला काय अर्थ उरला? आणि त्याच दारात उभ्या असलेल्या गरीब शेजाऱ्याला, तो परधर्मीय म्हणून, आम्ही परत पाठविले, तर देवळालीच्या वारशाचे आम्ही काय केले?

"जागा आपल्या का नाहीत?" असे विचारण्याचा आम्हांस अधिकार आहे. परंतु "आपले" या शब्दात आम्ही कोणाकोणाला धरतो, हे आधी सांगणे आम्हांला भाग आहे. संस्थाचालकांनी प्रवेशाची यादी लावताना आणि पालकांनी ती वाचताना एवढा विचार केला, तरी जुन्या पिढीने न्यायालयाच्या पायऱ्या झिजविल्याचे सार्थक होईल.