उमेदवाराचं शपथपत्र आपल्याला फुकट मिळालेलं नाही

निवडणूक आली की व्हॉट्सअ‍ॅपवर उमेदवारांची शपथपत्रं फिरायला लागतात. कुणाची जमीन किती, सोनं किती, गुन्हे किती. आपण बघतो, हसतो, पुढे ढकलतो. पण हा कागद आपल्या हातात आला कसा, हे फार थोड्यांना माहीत असतं. पोस्ट लांब आहे, पण वाचा.

वकिलाच्या टेबलावरचं निवडणूक कायद्याचं जाडजूड पुस्तक चाळून बघा. कलम चार ओळींचं आणि खाली कोर्टाचे निकाल पानंच्या पानं. शपथपत्राची गोष्ट त्या निकालांमध्येच आहे. कारण १९५१ च्या लोकप्रतिनिधित्व कायद्यात उमेदवाराची कुंडली मतदाराला दाखवा, असं ५० वर्षं कुठेच नव्हतं.

१९९९ मध्ये अहमदाबादच्या आयआयएममधल्या काही प्राध्यापकांनी ‘असोसिएशन फॉर डेमोक्रॅटिक रिफॉर्म्स’ ही संस्था काढली आणि दिल्ली उच्च न्यायालयात जनहित याचिका टाकली. २००० मध्ये निकाल त्यांच्या बाजूने लागला. केंद्र सरकार अपिलात गेलं. २ मे २००२ ला सर्वोच्च न्यायालयानेही सांगितलं, की उमेदवाराचे गुन्हे, मालमत्ता, कर्ज आणि शिक्षण जाणून घेणं हा मतदाराचा हक्क आहे. आणि तो कुठून आला? राज्यघटनेतल्या अभिव्यक्ती स्वातंत्र्यातून!

मग गंमत झाली. एरवी एकमेकांचं तोंड न बघणारे पक्ष याविरुद्ध एक झाले. ऑगस्ट २००२ मध्ये सरकारने अध्यादेश आणला. कोर्टाने काहीही म्हटलं असलं तरी कायद्यात आहे त्यापेक्षा जास्त माहिती द्यायची गरज नाही, असा त्याचा अर्थ. राष्ट्रपती डॉ. कलाम यांनी तो परत पाठवला. मंत्रिमंडळाने तो तसाच पुन्हा पाठवला आणि सही झाली. पुढे त्याचा कायदाही झाला, कलम ३३-ब. १३ मार्च २००३ ला सर्वोच्च न्यायालयाने हे कलम घटनाबाह्य ठरवलं. तेव्हापासून हा कागद आपला आहे.

पळवाटा मात्र निघाल्याच. काहींनी रकाने कोरे सोडले. २०१३ मध्ये कोर्ट म्हणालं, सांगूनही रकाना कोरा ठेवला तर अर्ज फेटाळता येईल.

आता आपल्याकडचं उदाहरण. २००४ ची विधानसभा, अंबरनाथ मतदारसंघ. निवडून आलेले आमदार किसन कथोरे यांनी वीजबिलाची थकबाकी, पत्नीच्या नावावरची मालमत्ता अशा गोष्टी शपथपत्रात दाखवल्या नाहीत, म्हणून मुंबई उच्च न्यायालयाने २००७ मध्ये निवडणूक रद्द केली. सर्वोच्च न्यायालयाने हा निकाल कायम केला, तो मे २०१४ मध्ये! तोवर त्या विधानसभेची मुदत संपून ५ वर्षं होत आली होती.

आणि हे फक्त आमदार-खासदारांपुरतं नाही. तामिळनाडूत कोइमतूर जिल्ह्यातल्या एका पंचायत अध्यक्षाने आपल्यावरचे गुन्हे लपवले. ते भ्रष्ट आचरणच आहे, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये सांगितलं. ती निवडणूक होती २००६ ची.

आमदार-खासदाराच्या निवडीविरुद्ध निकालानंतर ४५ दिवसांत कुणीही मतदार उच्च न्यायालयात याचिका करू शकतो. ती शक्यतो ६ महिन्यांत निकाली काढावी, असं कायदाच म्हणतो. प्रत्यक्षात किती वर्षं जातात, ते वर दिसलंच. म्हणजे कोर्टाने हक्क दिला, पण कोर्टाच्या निकालाची वाट बघत बसलो तर अख्खी टर्म जाते.

म्हणून शपथपत्र मतदानाच्या आधीच वाचायचं. आपल्या वॉर्डातल्या, गटातल्या सगळ्या उमेदवारांचं, आणि आपल्या आवडत्याचं सगळ्यात आधी. काही खटकलं तर उमेदवार दारात येईल तेव्हा सरळ विचारा. तेवढ्यासाठी वकील लागत नाही.