बर्लिनच्या पटकथाकार आणि बेळगावचे तेंडुलकर

१/८
‘मेट्रोपोलिस’ (१९२७) या जर्मन मूकपटाचा समावेश २००१ साली युनेस्कोच्या जागतिक स्मृतिसूचीत झाला. त्याचे दिग्दर्शक फ्रिट्झ लांग सर्वपरिचित आहेत. ती कथा लिहिणाऱ्या थेया फॉन हार्बू मात्र विस्मृतीत गेल्या. त्यांच्या आयुष्याचा एक धागा थेट बेळगावपर्यंत पोहोचतो.

२/८
जन्म २७ डिसेंबर १८८८, बव्हेरिया. आरंभी रंगभूमीवर अभिनय, पुढे लेखन. १९१८ मध्ये त्यांनी ‘दास इंडिशे ग्राबमाल’ (भारतीय समाधी) ही कादंबरी लिहिली, तीही भारत न पाहता. महाराजा, योगी, वाघ : युरोपीय वाचकाला हवा होता तोच हा भारत.

३/८
या कादंबरीच्या पटकथेवर त्यांनी लांग यांच्यासह काम केले. १९२१ मध्ये चित्रपट आला, १९२२ मध्ये दोघांचा विवाह झाला. ‘नीबेलुंगेन’, ‘मेट्रोपोलिस’, ‘एम’ : जर्मन चित्रपटाच्या सुवर्णकाळातील या कृतींमागे हार्बू यांची लेखणी होती.

४/८
१९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला. त्याच वर्षी हे दांपत्य विभक्त झाले आणि लांग यांनी जर्मनी सोडली. हार्बू यांनीच लिहिलेल्या ‘डॉ. माबुझे यांचे मृत्युपत्र’वर गोबेल्सने बंदी घातली. तरीही त्या तेथेच राहिल्या. त्यांनी दोन चित्रपट स्वतः दिग्दर्शित केले, पुढे पटकथालेखन चालू ठेवले आणि नाझी पक्षाचे सदस्यत्वही घेतले.

५/८
याच काळात त्यांच्या आयुष्यात आयी गणपत तेंडुलकर आले. बेळगावजवळच्या बेळगुंदीचे हे मराठी तरुण बर्लिनमध्ये पत्रकारिता करीत होते आणि वयाने हार्बूंपेक्षा बरेच लहान होते. वंशशुद्धीचा उद्घोष करणाऱ्या राजवटीत असा विवाह उघडपणे करणे अशक्य होते. तो गुप्तपणे झाला.

६/८
महायुद्धाच्या तोंडावर तेंडुलकर मायदेशी परतले. येथे त्यांना कारावास घडला. १९४५ मध्ये गांधीजींच्या आशीर्वादाने सेवाग्राम येथे त्यांचा इंदुमती गुणाजी यांच्याशी विवाह झाला. या तिघांची कहाणी पुढे त्यांची कन्या लक्ष्मी तेंडुलकर धौल यांनी ग्रंथरूपाने मांडली.

७/८
युद्धानंतर ब्रिटिशांनी हार्बू यांना स्थानबद्ध केले. सुटकेनंतर त्यांनी उद्ध्वस्त बर्लिनमध्ये ढिगारे उपसण्याचे काम केले. जर्मनीतील भारतीयांना साहाय्य करता यावे म्हणून पक्षात गेले, असा त्यांचा खुलासा होता. भारतीयांविषयीची त्यांची आस्था खरी होती. परंतु त्या राजवटीच्या चित्रपटसृष्टीला त्यांनी वर्षानुवर्षे आपली लेखणी पुरवली, हेही तितकेच खरे. पहिल्या सत्याने दुसरे पुसले जात नाही.

८/८
१ जुलै १९५४ रोजी त्यांचे निधन झाले. पाच वर्षांनी लांग यांनी त्याच कादंबरीवर पुन्हा चित्रपट केला. काही चित्रीकरण उदयपूरला झाले. पडद्यावर पुन्हा तोच वाघांचा आणि महाराजांचा भारत होता. बेळगुंदीच्या तरुणाचा, तुरुंगात जाणारा भारत त्यात कोठेच नव्हता.