उभ्या गाडीचा दंड

रस्ता म्हणजे काय, असे विचारले तर बहुतेक जण घरांच्या दोन ओळींमधली मोकळी जागा असे उत्तर देतील. कायद्याचे उत्तर निराळे आहे. कायद्याच्या दृष्टीने रस्ता हा प्रथम एक हक्क आहे. येण्याजाण्याचा, सर्वांचा आणि सर्वकाळचा हक्क. खालची जमीन सरकारची असो वा नगरपालिकेची, तिच्यावरून जाण्याचा अधिकार लोकांस एकदा प्राप्त झाला म्हणजे तो सहसा नष्ट होत नाही. अशा ठिकाणी जो थांबून राहतो, तो तेवढ्या वेळापुरता इतरांच्या हक्काचा एक तुकडा आपल्या ताब्यात घेत असतो. शहरोशहरी उभ्या मोटारींसंबंधी जे नियम, ज्या पाट्या आणि जे दंड आज दिसतात, त्यांचा सारा इतिहास या एका विचाराभोवती फिरतो. तो तपासून पाहण्याचे कारण असे की, दंडाची रक्कम सर्वांस ठाऊक असते, पण दंड कशाबद्दल आहे हे फारसे कोणास ठाऊक नसते. आणि ज्या दंडाचे कारण विसरले जाते, तो हळूहळू भाडे होऊन बसतो.

हा विचार आपणांकडे विलायतेतून आला असे समजण्याचे कारण नाही. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात, तिसऱ्या अधिकरणात, मार्ग अडविणाऱ्यास सांगितलेले दंड पाहावेत. लहान जनावरांची व माणसांची वाट अडविल्यास बारा पण, मोठ्या जनावरांची वाट अडविल्यास चोवीस पण, हत्तीची वाट अडविल्यास चोपन्न पण, असा क्रम चढत जाऊन मुख्य नगराकडे जाणाऱ्या व राष्ट्रमार्गापर्यंत तो सहस्र पणांवर पोचतो. येथे दंडाचे माप अडथळ्याच्या आकारावर ठरविलेले नाही. कोणाची वाट अडली आणि ती वाट किती महत्त्वाची होती, यावर ते ठरविले आहे. एकच गाडी, गल्लीत उभी राहिली तर बारा पणांची व राजमार्गावर उभी राहिली तर हजार पणांची गुन्हेगार. आजच्या पुष्कळ नियमावल्यांत ही दृष्टी शोधूनही सापडत नाही.

आपल्या प्रचलित कायद्याची वंशावळ मात्र इंग्लंडकडे जाते, आणि तेथे दोन जुने निवाडे लक्षात ठेवण्यासारखे आहेत. पहिला १८०५ चा. मालवाहतूक करणारा एक धंदेवाईक गाडीवान आपल्या वखारीपुढे रस्त्याच्या एका अंगास तासन्तास गाड्या उभ्या करून माल चढवीत व उतरवीत असे. पलीकडून दोन गाड्या जाण्याइतकी जागा राहते, तेव्हा कोणाचे काय बिघडले, असा त्याचा बचाव होता. न्यायालयाने तो मानला नाही. जनतेचा हक्क उरलेल्या रस्त्यावर नसून सबंध रस्त्यावर आहे, आणि धंदा जागेत मावत नसेल तर धंदेवाल्याने मोठी जागा घ्यावी, रस्ता घेऊ नये, असा त्या निर्णयाचा मथितार्थ होता.

दुसरा निवाडा १८१२ चा. लंडनच्या चेअरिंग क्रॉस भागात भाड्याचे टप्पागाडे उतारूंची वाट पाहत पाऊण-पाऊण तास रस्त्यावर उभे असत. मालकावर सार्वजनिक उपद्रवाचा खटला झाला आणि तो मुख्य न्यायाधीश लॉर्ड एलनबरो यांच्यापुढे चालला. त्यांनी एक सूक्ष्म भेद केला. उतारू चढविण्या-उतरविण्यापुरते थांबणे हा प्रवासाचाच भाग आहे. त्यास वाजवी वेळ मिळालाच पाहिजे. पण एक फेरी संपली आणि दुसरी सुरू व्हावयाची आहे, या मधल्या काळात गाडी उभी करावयाची ती मालकाने स्वतःच्या आवारात. राजाच्या हमरस्त्याचा तबेला करण्याचा अधिकार कोणासही नाही, असे त्यांनी बजावले.

या निवाड्यास दोनशे वर्षे उलटून गेली, घोडे गेले, मोटारी आल्या. पण तो भेद आपल्या रस्त्यारस्त्यांवर अद्याप उभा आहे. तांबड्या कडेच्या निळ्या वर्तुळावर एकच तिरपी रेघ असली तर तेथे गाडी उभी करून ठेवण्यास मनाई आहे. माणूस उतरवून पुढे जाण्यास नाही. दोन रेघांची फुली असेल तर क्षणभर थांबण्यासही मनाई आहे. ज्यास या दोन पाट्यांतील फरक कळला, त्यास लॉर्ड एलनबरोंचा निवाडा कळला असे समजावे.

याच विचाराचे भारतीय रूप म्हणजे १८६० च्या भारतीय दंडसंहितेचे कलम २८३. आपल्या कृत्याने अथवा आपल्या ताब्यातील वस्तूची नीट व्यवस्था न ठेवल्याने सार्वजनिक मार्गावर कोणासही धोका, अडथळा वा इजा उत्पन्न करणाऱ्यास दोनशे रुपयांपर्यंत दंड, असे ते कलम होते. ज्या काळी हे शब्द लिहिले गेले, त्या काळी दोनशे रुपये म्हणजे सामान्य गाडीवानाची कित्येक महिन्यांची मिळकत. या आकड्याकडे आपणांस शेवटी पुन्हा यावयाचे आहे.

मोटारींचा सुळसुळाट झाल्यावर प्रश्नाचे स्वरूप पालटले. टप्पागाड्यांचे मालक मूठभर होते. मोटार उभी करणारे हजारो. प्रत्येकास उपद्रवाच्या खटल्यात गोवणे अशक्य झाले. अमेरिकेतील ओक्लाहोमा सिटी येथे कचेऱ्यांतले नोकर सकाळी येऊन दुकानांसमोर मोटारी लावीत व सायंकाळी काढून नेत. गिऱ्हाइकास जागाच मिळेना. पोलीस चाकांवर खडूच्या खुणा करून वेळ मोजीत, पण ते काम संपणारे नव्हते. तेथील वृत्तपत्रकार कार्ल मगी यांनी नाण्यावर चालणाऱ्या घड्याळाची कल्पना मांडली, होल्गर थ्युसेन व जेराल्ड हेल यांनी ती यंत्रात उतरविली, आणि १६ जुलै १९३५ रोजी जगातले पहिले पार्किंग मीटर त्या शहरात उभे राहिले. तासाचा दर पाच सेंट होता.

वकिलांच्या दृष्टीने खरी गंमत येथे सुरू होते. रस्त्यावर उभे राहणे हा कालपर्यंत उपद्रव होता. आज पाच सेंटांत तो हक्क कसा झाला? आणि नगरपालिका जे पाच सेंट घेते, तो नियमनाचा खर्च की छुपा कर? १९३७ साली हा प्रश्न निरनिराळ्या न्यायालयांपुढे आला. ओक्लाहोमाच्या न्यायालयाने मीटर हे रहदारी-नियमनाचे साधन म्हणून वैध ठरविले, तर त्याच वर्षी अलाबामाच्या न्यायालयाने बर्मिंगहॅम शहराचा तशाच प्रकारचा नियम रद्द केला. पुढे मीटरचा पक्ष सर्वत्र सरस ठरला. आपणांकडे कर व शुल्क यांतील हा भेद सर्वोच्च न्यायालयाने १९५४ साली शिरूर मठाच्या प्रसिद्ध प्रकरणात विशद केला. कर हा सार्वजनिक कारणासाठी सक्तीने घेतलेला पैसा, शुल्क हा विशिष्ट सेवेचा मोबदला. नंतरच्या निर्णयांनी सेवा व मोबदला यांचा हिशेब तितका काटेकोर ठेवला नाही हे खरे. तथापि पार्किंगची पावती हाती पडली असता ‘या पैशांत मला व शहरास काय मिळते?’ असे विचारण्याचा नागरिकाचा अधिकार त्या भेदातूनच निघतो.

लंडनमध्ये पहिली मीटरे १० जुलै १९५८ रोजी बसली, आणि सप्टेंबर १९६० मध्ये रहदारी-रक्षकांची नवी नेमणूक होऊन न्यायालयात न जाता भरावयाचा ठराविक दंड सुरू झाला. पहिल्या दंडचिठ्ठ्यांपैकी एक लागली ती एका डॉक्टरच्या मोटारीवर. हृदयविकाराचा झटका आलेल्या रुग्णास पाहण्यासाठी ते गेले होते. दोन पौंडांचा तो दंड लोकांनी ओरड केल्यावर माफ झाला. ही केवळ मौजेची गोष्ट नव्हे. न्यायाधीशापुढे उभा राहिलेला मनुष्य आपले कारण सांगू शकतो. गाडीच्या काचेवर अडकविलेल्या चिठ्ठीस कान नसतात. ब्रिटिशांनी पुढे १९९१ च्या कायद्याने लंडनमधील बहुतेक पार्किंगचे भंग फौजदारी गुन्ह्यांच्या यादीतून काढून त्यांस दिवाणी देण्याचे स्वरूप दिले, पण त्याचबरोबर तक्रार ऐकण्यासाठी स्वतंत्र निर्णायक अधिकारीही नेमले. दंड सोपा करावयाचा तर दाद मागण्याची वाटही सोपी केली पाहिजे, हे त्यांस कळले होते.

दंड वसूलच झाला नाही तर काय होते, याचे उदाहरण न्यूयॉर्कने दिले. १९६१ च्या व्हिएन्ना करारान्वये परराष्ट्रांच्या वकिलातींतील अधिकाऱ्यांस तेथे दंडापासून संरक्षण होते. १९९७ ते २००२ या पाच वर्षांत त्यांच्या नावावर दीड लाखांहून अधिक न भरलेल्या दंडचिठ्ठ्या जमल्या आणि थकबाकी एक कोटी ऐंशी लाख डॉलरांवर गेली. रेमंड फिसमन व एडवर्ड मिगेल या अर्थशास्त्रज्ञांनी हा हिशेब मांडला, तेव्हा दिसून आले की नॉर्वे, स्वीडन, जपान यांसारख्या काही देशांच्या अधिकाऱ्यांची पाटी, कोणतीही शिक्षा होणार नसताना, कोरी होती. २००२ अखेर शहराने थकबाकीदारांच्या गाड्यांचे खास परवाने काढून घेण्यास आरंभ करताच भंगांची संख्या सुमारे अठ्ठ्याण्णव टक्क्यांनी घटली. म्हणजे नियम पाळला जातो तो दोन बळांवर, मनातील लाजेवर आणि दंडाच्या खात्रीवर. पहिले नसेल तेथे दुसरे लागते.

आता आपल्या घरी येऊ. १९३९ च्या मोटार वाहन कायद्यात गाड्या उभ्या करण्याच्या जागा ठरविण्याचा अधिकार कलम ७६ मध्ये होता, आणि धोकादायक स्थितीत गाडी सोडून जाण्यास मनाई कलम ८१ मध्ये. १९८८ च्या कायद्यात हीच तरतूद कलम ११७ व १२२ म्हणून उतरली. चौकाजवळ, वळणावर, पुलावर, पदपथावर, पादचाऱ्यांच्या पट्ट्यांजवळ, बसथांब्याजवळ, शाळेच्या वा इस्पितळाच्या दाराशी, किंवा उभ्या असलेल्या गाडीस लागून दुसरी गाडी लावू नये, असे १९८९ चे रस्त्यांचे नियम सांगत होते. २०१७ च्या विनियमांनी त्यांची जागा घेतली, आशय फारसा बदलला नाही. ही मनाई लागू होण्यास पाटी लागत नाही. ‘तेथे फलक कोठे होता?’ हा नेहमीचा सवाल पदपथावर गाडी चढविणाऱ्याच्या तोंडी शोभत नाही.

गाडी उचलून नेण्याचा अधिकार कलम १२७ मध्ये आहे. सार्वजनिक जागी दहा तास वा अधिक वेळ बेवारस सोडलेली, अथवा मनाई असलेल्या ठिकाणी लावलेली गाडी उचलता येते किंवा तिच्या चाकास जॅमर लावता येतो; मात्र त्यास त्या हद्दीतील गणवेशधारी पोलीस अधिकाऱ्याची आज्ञा लागते. ठेकेदाराच्या पोऱ्याने स्वतःच्या अखत्यारीत हे करावयाचे नाही. उचलण्याचा खर्च मालकावर पडतो, तो दंडाहून वेगळा. कलम १७७ चा सर्वसाधारण दंड पहिल्या वेळी शंभर व पुढे तीनशे रुपयांपर्यंत होता. २०१९ च्या दुरुस्तीने तो पाचशे व पंधराशेपर्यंत गेला. कायदा साऱ्या देशास एकच, पण कलम २०० अन्वये तडजोडीची रक्कम राज्य सरकार ठरविते. त्यामुळे सप्टेंबर २०१९ मध्येच गुजरात व कर्नाटक यांनी अनेक रकमा उतरविल्या, तर महाराष्ट्राने नवे दर लागू केले ते डिसेंबर २०२१ मध्ये. बडोदे, बेळगाव व कोल्हापूर येथील तीन भाऊबंद एकाच प्रमादासाठी वेगवेगळी किंमत देऊ शकतात, ते यामुळे.

पुण्याच्या पेठांतील सम-विषम तारखांची रीतही या इतिहासात नोंदण्याजोगी आहे. रस्ता अरुंद, घरे जुनी, आवार नाही. तेव्हा एका तारखेस एका बाजूस व दुसऱ्या तारखेस समोरच्या बाजूस गाडी लावावी. आपल्या दारापुढची जागा ही आपली नव्हे, आज माझी तर उद्या समोरच्याची, हे तत्त्व त्यात मुकाट्याने शिकविले जाते. एकतीस तारखेमागून एक तारीख आली की दोन विषम दिवस लागोपाठ पडतात व समोरचा एक दिवस नाराज होतो. एवढा दोष सोडला तर अडचणीतून काढलेली ती न्याय्य वाटणी आहे.

आता त्या दोनशे रुपयांकडे वळू. १ जुलै २०२४ रोजी भारतीय न्याय संहिता अंमलात आली आणि जुन्या कलम २८३ ची जागा कलम २८५ ने घेतली. दंडाची मर्यादा पाच हजार झाली. त्या दिवसापर्यंत १८६० चा दोनशेचा आकडा जसाच्या तसा होता. दीडशेहून अधिक वर्षे कोणी त्यास हात लावला नाही. कलमाचा एक शब्द न बदलता एका कुटुंबास हादरविणारी शिक्षा एका वेळच्या जेवणाच्या बिलाइतकी झाली, आणि कायदा आपल्या जागी शाबूत आहे असे सर्वांनी धरून चालले. दंडाचे भाडे होते ते असे.

म्हणून केवळ आकडे वाढविल्याने हा प्रश्न सुटेल असे मानणे भाबडेपणाचे ठरेल. आजचे पाच हजारही कालांतराने दोनशेच्याच वाटेने जातील. दंडाची खात्री, दाद मागण्याची सोय आणि अडथळ्याने कोणाची वाट अडली याचा विचार, या तीन गोष्टी कायदा राबविणाऱ्यांनी संभाळावयाच्या आहेत. नागरिकाकडे एकच उरते. ‘दोन मिनिटांत येतो’ म्हणून इस्पितळाच्या दारापाशी गाडी लावताना त्याने खिशातल्या रकमेचा हिशेब करू नये. त्या दोन मिनिटांत त्या दारातून कोणास आत न्यावयाचे असेल, याचा करावा.