एका यादीची पाठचिकित्सा

गेल्या उन्हाळ्यात आमच्या वर्गातील बार्शीटाकळीच्या एका विद्यार्थ्याने वहीचे एक पान आमच्यापुढे ठेवले. मोबाईलवरील खेळ न अडखळता चालावा म्हणून फोनमध्ये कोणकोणते बदल करावेत, याची ती बारा कलमांची यादी होती. त्याने ती मित्राच्या वहीतून उतरवली होती, मित्राने चुलतभावाकडून, आणि चुलतभावाने कुठल्याशा चित्रफितीतून ऐकून. "सर, हे सेटिंग केलं का मोबाईल गरम होत नाई म्हन्ते," असे तो म्हणाला; पण बाराही कलमे पाळून त्याचा फोन तापतच होता. आम्ही साहित्याचे अध्यापक. यंत्राचे ज्ञान आम्हांस बेताचेच. तथापि हातून हाती उतरत आलेली, कर्त्याचे नाव हरवलेली, पाठभेदांनी भरलेली संहिता समोर आली, की तिच्याकडे कसे पाहावे हे आमच्या विद्याशाखेने आम्हांस शिकवले आहे. म्हणून आम्ही ती यादी ठेवून घेतली.

पाठचिकित्सेचे नाते वऱ्हाडाला नवे नाही. 'लीळाचरित्रा'ची मूळ प्रत धाडीत नष्ट झाली आणि शिष्यांनी ती स्मरणातून पुन्हा सिद्ध केली, असे महानुभाव परंपरा सांगते. पुढे पिढ्यानपिढ्या पोथ्या उतरवल्या गेल्या, पाठ बदलले, शाखांगणिक संहिता निराळ्या झाल्या. डॉ. वि. भि. कोलते यांनी त्या पसाऱ्यातून वाट काढून १९७८ साली आपली संपादित प्रत सिद्ध केली. ज्या अमरावती जिल्ह्यातील ऋद्धपूर या परंपरेचे केंद्र, तो जिल्हा अकोल्याच्या शेजारचाच. उलट खुद्द बार्शीटाकळीत देवीचे जे हेमाडपंती मंदिर आहे, तेथील शके १०९८चा, म्हणजे सुमारे ११७६ सालचा लेख दगडात कोरलेला आहे. दगड झिजतो, पण स्वतःहून मजकुरात भर घालीत नाही. आमच्या विद्यार्थ्याची यादी पहिल्या जातीची आहे, दुसऱ्या नव्हे. तिच्यात भर पडते, गळत काहीच नाही. आणि हेच तिचे दुखणे आहे, असे आमच्या ध्यानात आले.

यादीतील सर्वांत जुना थर पहिल्या दोन कलमांत आहे. खेळ सुरू करण्यापूर्वी पाठीमागे उघडी असलेली सर्व ॲप बंद करावीत, आणि रॅम मोकळी करणारे एखादे 'बूस्टर' ॲप बसवावे, अशी ती कलमे आहेत. या उपदेशाचे मूळ मोबाईलच्याही आधीचे आहे. डॉस प्रणालीच्या काळात प्रोग्रामला सहज मिळणारी स्मृती ६४० किलोबाइट एवढीच असे. संगणकात त्याहून अधिक स्मृती असली तरी ती वापरण्यासाठी 'कॉन्फिग.सिस' आणि 'ऑटोएक्झेक.बॅट' या दोन फायलींत ओळींची फेरजुळणी करावी लागे, आणि माऊसचा किंवा ध्वनीचा चालक नेमका कोठे ठेवला यावर खेळ सुरू होणार की नाही हे ठरे. १० डिसेंबर १९९३ रोजी आलेल्या 'डूम'ला ४ मेगाबाइट रॅम लागे, आणि संगणक दुबळा असेल तर चित्राची चौकट लहान करण्याची, तपशील उणा करण्याची सोय त्या खेळातच होती. स्मृती मोकळी करणे हा त्या काळी भ्रम नव्हता. ती खेळाची पहिली पायरी होती.

हाच उपदेश पुढे अँड्रॉइडवर आला तेव्हाही काही काळ खरा वाटावा अशी परिस्थिती होती. २००८ साली विक्रीस आलेल्या पहिल्या अँड्रॉइड फोनमध्ये रॅम होती अवघी १९२ मेगाबाइट. परंतु अँड्रॉइडची घडणच निराळी आहे. न वापरलेली ॲप स्मृतीत झोपवून ठेवावीत आणि जागा लागली की त्यांना स्वतःच बाहेर काढावे, ही त्या प्रणालीची रीत. तिने झोपवलेले ॲप आपण बळेच मारले, तर ते पुन्हा उठताना प्रोसेसरला सारा खटाटोप नव्याने करावा लागतो. आणि 'बूस्टर' म्हणून बसवलेले ॲप स्वतःच पाठीमागे जागे राहून स्मृती व बॅटरी खाते. म्हणजे १९९३ साली जे औषध होते, ते आज पथ्यमोड ठरले. मोठी डाउनलोड वा आपोआप होणारी अद्ययावती खेळाच्या वेळी थांबवणे मात्र योग्यच. जुन्या पाठातील एवढा अंश अजून जिवंत आहे.

तिसरे आणि चौथे कलम २०१० ते २०१२ या काळातले, हे त्यांच्या भाषेवरूनच ओळखू येते. 'डेव्हलपर ऑप्शन्स'मध्ये जाऊन ॲनिमेशन शून्यावर आणावे, हे तिसरे. 'फोर्स जीपीयू रेंडरिंग' चालू करावे, हे चौथे. त्या वर्षांत पडदा सरकवतानाही फोन गचके खाई. खिडक्या आणि बटणे रंगवण्याचे काम पुष्कळदा मुख्य प्रोसेसरवर पडे आणि चित्रांसाठीचा खास प्रोसेसर रिकामा बसे. २०११च्या अँड्रॉइड ४.० मध्ये ते काम बव्हंशी त्या खास प्रोसेसरकडे गेले, आणि २०१२च्या ४.१ मध्ये पडद्याची हालचाल सेकंदाला ६० चित्रांवर स्थिर करण्याचा मोठा प्रयत्न झाला. त्रिमितीय खेळ तर आरंभापासूनच चित्रप्रोसेसरवर चालतात. सबब आज या दोन कलमांचा खेळाच्या गतीशी संबंध उरलेला नाही. ॲनिमेशन शून्य केल्याने एक खिडकी मिटून दुसरी उघडताना फोन चपळ भासतो. हा भासच त्या कलमाला तगवून आहे.

पाचवे कलम मात्र निखालस प्रक्षिप्त आहे. 'फोर्स ४एक्स एमएसएए' चालू करावे, असे ते सांगते. या सोयीचे काम चित्रातील आकृत्यांच्या कडा गुळगुळीत करणे हे आहे, आणि त्यासाठी चित्रप्रोसेसरला अधिक राबावे लागते. फोन हलका करण्याच्या यादीत फोनवर भार घालणारे कलम कसे शिरले? आमचा तर्क असा : 'फोर्स' या शब्दाने लेखनिकाला चकवले. फोर्स म्हणजे जोर. जोर वाढला की खेळ जोरात धावणार. अनोळखी शब्दाचा ओळखीचा अर्थ लावून पाठ बिघडवणारे लेखनिक आम्ही पोथ्यांत पुष्कळ पाहिले आहेत. वहीच्या पानावर भेटेल असे मात्र वाटले नव्हते.

सहाव्या कलमात 'प्रायव्हेट डीएनएस' बदलल्याने पिंग कमी होतो, असे म्हटले आहे. डीएनएस म्हणजे नावावरून पत्ता सांगणारा. टपालवाल्याला घर दाखवून झाले, की पुढची पत्रे किती वेळात पोहोचतील यावर घर दाखवणाराचा अधिकार चालत नाही. पिंग ही संदेशाच्या जाण्यायेण्याची वेळ. काचतंतूत प्रकाश सेकंदाला सुमारे २ लाख किलोमीटर जातो. खेळाचा सर्व्हर मुंबईत असेल तर बार्शीटाकळीहून सरळ रेषेतले अंतर सुमारे ५०० किलोमीटर, म्हणजे जाऊन येण्यास निदान ५ मिलिसेकंद. सर्व्हर सिंगापुरात असेल तर मुंबईपासून पुढे आणखी सुमारे ३,९०० किलोमीटर, म्हणजे निदान ३९ मिलिसेकंदांची भर. प्रत्यक्षात वेळ याहून बरीच अधिक लागते, कारण तार सरळ रेषेत जात नाही आणि वाटेत थांबेही असतात. थांबे टाळणे आपल्या हाती नाही. खेळात जवळचा सर्व्हर निवडणे आणि घरात वायफायच्या यंत्राजवळ बसणे, एवढे मात्र आहे. सिग्नल दुबळा असला की फोनला तो पकडण्यासाठी अधिक वीज जाळावी लागते. त्याने पिंगही वाढतो आणि ऊबही.

सातव्या व आठव्या कलमाचा थर आपल्या डोळ्यांदेखत साचला. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओची सेवा सुरू झाली, डेटा स्वस्त झाला, आणि मार्च २०१८ मध्ये 'पबजी मोबाईल' आला. ज्या गावात संगणकावरील खेळाची संस्कृती कधी रुजलीच नव्हती, तेथे ती थेट फोनवरून आली. आणि आली ती हजारांच्या घरातल्या फोनवरून, लाखाच्या नव्हे. याच काळात 'ग्राफिक्स स्मूथ, फ्रेम रेट सर्वांत वर' हा मंत्र तोंडोतोंडी झाला. २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने त्या खेळावर बंदी घातली. जुलै २०२१ मध्ये तोच 'बॅटलग्राउंड्स मोबाईल इंडिया' या नावाने परतला, जुलै २०२२ मध्ये पुन्हा उतरवला गेला आणि मे २०२३ मध्ये पुन्हा आला. खेळ गेला-आला, मंत्र राहिला. आठवे कलम 'जीएफएक्स टूल'चे आहे. फोनला जी गती खेळाने नाकारली ती बाहेरच्या ॲपने मिळवावी, असा त्याचा आशय. त्यासाठी खेळाच्या फायलींत ढवळाढवळ करावी लागते आणि तीपायी खाते कायमचे बंद होण्याची जोखीम असते. हे कलम वगळावे, असेच आम्ही सांगू.

सातव्या मंत्राचा पूर्वार्ध मात्र शास्त्रशुद्ध आहे. १०८० गुणिले २४०० बिंदूंच्या पडद्यावर दर चित्राला सुमारे २५.९ लाख बिंदू रंगवावे लागतात. ७२० गुणिले १६०० वर सुमारे ११.५ लाख. म्हणजे काम निम्म्याहून उणे. सावल्या, धूर, गवत यांचे तपशील कमी केले की आणखी उणे. उत्तरार्ध तपासून घ्यायला हवा. सेकंदाला ६० चित्रे हवीत तर प्रत्येक चित्रासाठी १६.७ मिलिसेकंद मिळतात. ३० चित्रांसाठी ३३.३. फोनला पहिल्या पाच मिनिटांत ६० झेपतात आणि विसाव्या मिनिटाला तो ३५ ते ५५च्या मध्ये हेलकावे खाऊ लागतो. तेव्हा बोटाचा नेम चुकतो तो या हेलकाव्याने. अढळ ३० वा ४० हे डळमळत्या ६० पेक्षा बरे. वृत्त साधे असले तरी चालते, यतिभंग होता कामा नये, हे आमच्या वाचकांस वेगळे सांगायला नको.

आणि विसाव्या मिनिटाला असे का होते? येथे आपण यादीच्या शेवटच्या चार कलमांशी येतो : बॅटरी बचत बंद ठेवावी, पडद्याचा उजेड पूर्ण ठेवावा, चार्जर लावूनच खेळावे, आणि कव्हर काढावे. पहिले योग्य, कारण बचत चालू असता प्रोसेसरची गतीच बांधली जाते. शेवटचे त्याहून योग्य. मधली दोन घातक. फोनला पंखा नसतो. आतली ऊब पाठीवाटे हवेत जाते, आणि ती जाण्यासाठी हवा फोनहून थंड असावी लागते. ऊब साचली की प्रोसेसर स्वतःला वाचवण्यासाठी गती उतरवतो. पूर्ण उजेडाने ऊब वाढते. चार्जिंगने बॅटरी आणखी तापते. म्हणजे यादी एका हाताने कव्हर काढते आणि दुसऱ्या हाताने चूल पेटवते.

या जागी आम्हांस यादीचा मूळ लेखक कोठला नाही हे कळले. तो वऱ्हाडातला नाही. ॲपल आपल्या आयफोनसाठी भोवतालचे तापमान शून्य ते ३५ अंश सेल्सिअस सांगते. मे महिन्यात अकोल्याची दुपार ३५ अंशांना सकाळीच मागे टाकते. २५ मे २०२४ रोजी, पारा ४५ अंशांपुढे गेला असता, अकोल्याच्या जिल्हा प्रशासनाने उष्णतेपायी कलम १४४ लागू केले, कामगारांसाठी पाण्याची व पंख्यांची सोय करण्यास सांगितले आणि खाजगी शिकवण्यांच्या वेळा बदलायला लावल्या. ज्या हवेत माणसांच्या वेळा बदलाव्या लागतात, त्या हवेत फोनने मात्र पूर्ण गतीने धावावे, ही अपेक्षा करणारी यादी थंड खोलीत बसून लिहिली गेली आहे. आमचा विद्यार्थी पत्र्याच्या छताखाली खेळत होता आणि हरल्याचा दोष स्वतःच्या बोटांना, नाहीतर एखाद्या राहून गेलेल्या सेटिंगला देत होता. ती हार कोणत्याही सेटिंगच्या आवाक्यातली नव्हती, हे त्याला कोणीच सांगितले नव्हते. त्या बारा कलमांत गावाचे हवामान हे कलमच नव्हते.

आम्ही त्याला शुद्ध प्रत करून दिली ती अशी. खेळातील ग्राफिक्स सर्वांत खाली आणावे, फ्रेम रेट फोनला अर्धा तास अढळ राखता येईल एवढाच ठेवावा, उजेड डोळ्यांना पुरेल इतका, कव्हर काढलेले, चार्जर आधी लावून, खेळताना काढलेला, डाउनलोड थांबवलेली, बूस्टर आणि जीएफएक्स टूल काढून टाकलेली, डेव्हलपर ऑप्शन्स जसेच्या तसे. फोनच्या स्वतःच्या गेम मोडला हरकत नाही. २०२१च्या अँड्रॉइड १२ पासून त्याची सोय प्रणालीतच आली आहे. आणि सर्वांत वर एक नवे कलम : मे महिन्यात खेळ सकाळी किंवा दिवेलागणीनंतर.

"मंग दुपारी खेळूच नाई का?" त्याने विचारले.

दुपारी वऱ्हाडात उन्हाळवाहीसुद्धा थांबते, एवढेच आम्ही म्हणालो. त्याने मान डोलावली, पान घडी करून खिशात घातले. पंधरवड्याने भेटला तेव्हा ती प्रत मित्रापर्यंत पोहोचली होती, आणि तिच्या तळाशी अनोळखी अक्षरात तेरावे कलम आले होते : फोनच्या पाठीला ओले फडके लावावे. ते कलम आमचे नव्हे. फोनमध्ये पाणी शिरेल, हे आम्ही त्याला लगोलग सांगितले. वाळ्याच्या तट्ट्यांवर पाणी शिंपडून दुपार काढणाऱ्या प्रांताने त्या यादीवर आपली पहिली सही केली आहे, हे मात्र आमच्या लक्षात आल्यावाचून राहिले नाही.